इसाक सारंगाचा उंबरा

मोजणी खात्यात मी अठ्ठावीस वर्षं साखळी ओढली. या काळात लोकांनी मला शहाळी दिली, शिव्या दिल्या, एकदा कुत्राही सोडला. पण जमिनीवर नसलेल्या उंबऱ्यापाशी मला अडवलं ते एकाच माणसाने.

रत्नागिरीच्या खाडीकाठी एका मोहल्ल्यात तीन भावांच्या सामाईक घराची वाटणी व्हायची होती. तिच्या मोजणीचा अर्ज माझ्याकडे आला होता. मी फाटक उघडून खळ्यात, म्हणजे घरापुढच्या अंगणात, शिरलो, दहा पावलं चाललो, आणि पडवीतून हुकूम आला, "थांबा! उंबरा हाय. पाय उचला."

मी खाली बघितलं. चोपून गुळगुळीत केलेली लाल माती आणि तिच्यावर चुन्याची एक रेघ.

"कुठे आहे?" मी विचारलं.

"हा काय तुमच्या पायाशी. दीड फूट उंच. दगडी."

पडवीत चेक्सची लुंगी नेसलेला, पांढरी दाढी नेमकी कातरलेला एक म्हातारा उभा होता. चेहऱ्यावर चेष्टेची एक सुरकुती नाही. तेवढ्यात मागून एक मासेवाली आली. डोक्यावर टोपली, तोंडाने भाव सांगणं चालू. रेघेपाशी तिने खाली न बघता पाय चांगला गुडघ्याएवढा उचलला, पलीकडे टाकला आणि भाव सांगतच पडवीपर्यंत गेली. तेव्हा मला पहिल्यांदा शंका आली की उंबरा असावा, मलाच दिसत नसावा. मी पाय उचलला.

"आता बसा," म्हातारा म्हणाला. "चहा घ्या. मंग काय मोजायचं ते मोजा."

हे इसाक सारंग. सारंग म्हणजे बोटीवरच्या खलाशांचा मुकादम. त्यांनी पस्तीस वर्षं दुसऱ्यांच्या बोटी चालवल्या, म्हणजे चालवायचा कप्तान, पण चालायच्या त्या सारंगाच्या शिट्टीवर, असं त्यांचंच म्हणणं. ती शिट्टी निवृत्तीनंतरही गळ्यात होती. कोंबड्या खुराड्यात घालायच्या तर शिट्टी, नातवंडांना जेवायला बोलवायचं तर शिट्टी. विहिरीतून कळशी वर ओढणाऱ्या सुनेला ते पडवीतून "हबेस, हबेस!" करत आणि कळशी सोडताना "आरिया!" करत. सून बिचारी वेंगुर्ल्याकडची. लग्न होऊन आली तेव्हा पहिला आठवडाभर तिला वाटलं, सासरे आपल्याला शिव्या देतायत.

त्यांचा सगळा संसार पाळ्यांवर चाले. चार तास एकाने राबायचं, चार तास दुसऱ्याने. दोन सुनांचं चुलीवरून वाजलं की सारंग न्यायनिवाडा करत नसत, पाळी बदलत. "भांडणाचं कारण शोधू नका," मला म्हणाले, "सापडलं तर ठेवायचं कुठे?" आणखी एक सवय होती. खाडीकडे पाठ करून ते कधी बसत नसत. पाहुणा चुकून तसा बसला तर त्याला उठवून फिरवून बसवत. मलाही फिरवला.

आता तो उंबरा. नोकरीच्या शेवटच्या वर्षांत त्यांची बोट चीनच्या एका बंदरात बारा दिवस अडकून पडली होती. खलाशी किनाऱ्यावर जाऊन दारू पिऊन गोंधळ घालतील म्हणून तिथल्या लोकांनी एक युक्ती केली. त्यांना बसमध्ये घालून एक दिवसाच्या सहलीला पाठवलं. पहाटे निघायचं, डोंगरातली मातीची गोल घरं बघायची, दिवेलागणीला बंदरात परत. बरोबर एक गाईडबाई, हातात काठीला बांधलेलं पिवळं निशाण. पस्तीस वर्षांत इसाक सारंगांनी निम्मं जग बघितलं होतं, म्हणजे निम्म्या जगाच्या गोद्या बघितल्या होत्या. तिकीट, गाईड आणि जेवण अशी सहल त्यांनी जन्मात एकदाच केली. आणि त्या एका दिवसाने ते कामातून गेले, असं आमिनाभाबी, म्हणजे त्यांची बायको, म्हणायची.

पुरावा म्हणून एक फोटो होता. बोटीवरच्या कुणा ग्रीक इंजिनिअरने काढलेला. फोटोत डाव्या कोपऱ्यात इंजिनिअरचा अंगठा, मधे इसाक सारंग, आणि बाकी सगळी भिंत.

"घर कुठे आहे यात?" मी विचारलं.

"ही काय भिंत! घर केवढं, फोटो केवढा. मावतंय कसं?"

एका गोल घरात अडीचशे माणसं राहतात, सगळी एका कुळाची, हे ऐकून मोहल्ल्यात कुणी विश्वास ठेवीना. फोटोने तर उरलासुरलाही गेला. म्हणून सारंगांनी घरच खळ्यात आखलं. चुन्याने. खरं घर एवढं मोठं की खळ्यात त्याचं फाटक आणि भिंतीचा थोडा तुकडा तेवढा मावला. बाकीचं घर शेजाऱ्याच्या आंब्याच्या कलमांतून जाऊन पुढे खाडीत पडत होतं. आणि मग त्यांनी टूर सुरू केली.

हो, टूर. दर शुक्रवारी नमाज आणि जेवण झालं की. काठीला पिवळा फडका बांधून सारंग पुढे, मागे जो सापडेल तो. पोस्टमन, मासेवाली, मदरशाचे मौलवी, एकदा तर मतं मागायला आलेला उमेदवारही सापडला आणि त्याला पाऊण तास सोडला नाही. मी पहिली मोजणी शुक्रवारी ठेवायची चूक केली, त्यामुळे मलाही टूर घडली.

"मागे राहू नका. बस थांबणार नाय. हा उंबरा. ह्याच्यावर पाय ठेवायचा नाय. उंबऱ्यावर पाय म्हणजे घरातल्या थोरल्याच्या खांद्यावर पाय, असं गाईडबाईने सांगितलंय. आमच्यात पण तेच सांगतात, म्हणजे ती खोटं बोलत नव्हती. आता ही भिंत. सहा फूट जाड. माती, चुना, तांदळाची पेज आणि गूळ."

"म्हणजे खीर झाली," पडवीतून आमिनाभाबी म्हणाली. ती दर शुक्रवारी याच ठिकाणी हे म्हणायची.

"शेकडो वर्षं टिकली ती खीर. तुझी दुसऱ्या दिवशी आंबते. चला पुढे. खाली सगळ्यांच्या चुली, वर सगळ्यांचं भात, त्याच्यावर माणसं झोपतात. एकेका बिऱ्हाडाला खालपासून वरपर्यंत एक फोड, कलिंगडाची कापावी तशी. थोरल्याला मोठी, धाकट्याला बारीक असं नाय. मधे विहीर. आणि अडीचशे माणसांना दार किती? एक."

मग जेवणाची सुट्टी. तिथे हलालचा भरवसा नाही म्हणून सारंगांनी दिवसभर चार उकडलेल्या अंड्यांवर काढला होता. त्यामुळे टूरमध्येही सुरुवातीला प्रत्येकाला एक उकडलेलं अंडं मिळे. लोक वाढले तशा कोंबड्या पुरेनात. आमिनाभाबीने अंडी बंद करून चहा सुरू केला. मोहल्ल्यातल्या निम्म्या लोकांचा चिनी संस्कृतीतला रस तिथे संपला.

मी निघताना विचारलं, "सारंग, एवढी माणसं एकत्र, भांडणं होत नाहीत?"

"मी पण तेच विचारलं. तिथे एक म्हातारा बसला होता. गाईडबाईने त्याला माझा सवाल घातला. तो जो सुटला! ह्या दाराकडे हात करतोय, त्या दाराकडे हात करतोय, थुंकतोय काय, पाय आपटतोय काय. पाच मिनिटं बोलला. गाईडबाई मला म्हणाली, 'कधी कधी होतात.'"

मी हसलो. सारंग हसले नाहीत.

"मला समजलं तो काय बोलला ते," ते म्हणाले. "भाषा नाय आली म्हणून काय झालं, मला पण दोन भाव हायत. तो म्हणाला, रोज होतात. पण दार एक हाय. रुसून जायचं तर सगळ्यांच्या देखत जावं लागतं, आणि परत यायचं ते पण त्याच दारातून."

ते दोन भाऊ म्हणजे करीम आणि हनीफ. हनीफ धाकटा. त्याचं स्वतःचं मत असं काही नव्हतं. शेवटी जो बोलेल त्याचं त्याला पटे. वाटणीचा अर्ज मधल्या करीमचा. करीम दुबईत अकरा वर्षं काढून परत आला होता. येताना त्याने टेपरेकॉर्डर, ब्लँकेटं, अत्तरं आणि स्वतंत्र राहण्याचा निश्चय एवढं बरोबर आणलं. त्याला घराच्या मधोमध भिंत हवी होती, खळ्यातून थेट रस्त्यापर्यंत, आणि रस्त्याला स्वतःचं वेगळं फाटक.

मी वाटणीच्या कामात कुणाची बाजू घेत नाही. घेतली तर साखळी वाकडी पडते. पण मनातून मी सारंगांच्या बाजूला झुकलो होतो, हे खरं. म्हणून करीमला मी जरा तिरकसच म्हटलं, "भावाची एवढी इच्छा आहे तर राहायचं एकत्र."

तो शांत माणूस होता. म्हणाला, "साहेब, अकरा वर्षं मी एका खोलीत नऊ माणसांत झोपलोय. एकावर एक फळ्या. माझ्या फळीवर दिवसा दुसरा झोपायचा. लघवीला जायचं तरी रांग. तिथे पडल्या पडल्या मी रोज एक दार बघायचो. आत मी, बायको, पोरं, आणि कडी आतून माझी. भाईने गोल घर एक दिवस बघितलं, संध्याकाळी बसमधून परत आला. मी अकरा वर्षं त्यात राहिलोय."

मी साखळी गुंडाळायला घेतली.

सारंगांचं मागणं फार नव्हतं. "मोजणीदार, मी भिंतीला अडवत नाय. करीमने माझी टूर एकदा करावी. एकदाच. उंबऱ्यावरून पाय उचलून आत यावं, सगळं बघावं. त्यानंतर पण त्याला भिंत पाहिजे तर चिरे मी वाहतो." सगळा मोहल्ला टूर करून चुकला होता, एकटा करीम सोडून. तो जाता-येता त्या रेघेवरून चपला फरफटवत सरळ जायचा. रोज थोडी रेघ पुसायची. रोज सकाळी सारंग चुना घेऊन ती पुन्हा ओढायचे. दोघंही या विषयावर एक अक्षर बोलत नसत.

आता माझा गुन्हा सांगतो. मोजणी पुरी करून मी वाटणीच्या सरळ रेषेवर नियमाप्रमाणे लाकडी खुंट्या ठोकल्या. दुसऱ्या दिवशी रविवार, करीम सासुरवाडीला गेला होता. सारंगांनी मला जेवायला बोलावलं. सुरमई होती, तांदळाची भाकरी होती, आणि जेवण झाल्यावर ते संकोचून म्हणाले, "माझी गोलाई जरा वाकडी जाते. डोळ्याच्या अंदाजाने मारलीय. तुमच्याकडे साखळी हाय."

वाकडी गोलाई मला बघवत नाही, हा माझा धंद्यातला दोष. मी मध्यबिंदू काढला. तो शेजाऱ्याच्या कलमांत पडत होता, तिथे कुंपणाचा दगडी गडगा चढून गेलो. साखळी ताणून, खळ्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चुन्याची अशी गोलाई मारली की तशी मी उभ्या नोकरीत सरकारसाठी मारली नसेल. सारंग तिच्या कडेकडेने या टोकापासून त्या टोकापर्यंत चालून आले. म्हणाले, "आता झालं. आता करीम आला तर समजंल त्याला." त्यांचे डोळे भरले होते. मलाही बरं वाटलं होतं, खोटं कशाला बोलू?

मंगळवारी घरातले सगळे एका निक्याला, म्हणजे लग्नाला, पलीकडच्या गावी गेले. करीमने गवंड्याला सांगून ठेवलं होतं, आम्ही नसलो तरी पाया खणायला घ्या, मोजणीदाराने खूण केलीय. सोनू गवंडी तीन गडी घेऊन आला. खुंट्यांवर आमिनाभाबीने जाण्यापूर्वी वाळत घातलेल्या गोधड्या होत्या. आणि खळ्यात डोळ्यांत भरेल अशी, सरकारी हाताची, चुन्याची रेघ होती. सोनूला वाटलं, हीच ती. गोल कशी, हा प्रश्न त्याला पडला, पण सरकारी कामात प्रश्न विचारू नये एवढा तो अनुभवी होता. संध्याकाळी मंडळी निक्याहून परतली तेव्हा खळ्यात दोन फूट खोल, चाळीस फूट लांब, सुरेख गोलाईचा चर तयार होता आणि सोनू विड्या ओढत शाबासकीची वाट बघत बसला होता.

करीमने चर बघितला. मग भावाकडे बघितलं.

"ही तुमची टूर?" एवढंच म्हणाला.

सारंगांनी कुराणाची शपथ घेतली. सोनूने स्वतःच्या पोरांची घेतली. दुसऱ्या दिवशी मला कळलं तसा मी धावत गेलो आणि करीमला सगळं कबूल केलं, की रेघ माझी, हौस माझी, भाईंना गवंड्याचा दिवससुद्धा ठाऊक नव्हता. करीमने ऐकून घेतलं आणि म्हणाला, "साहेब, भाईसाठी तुम्ही खोटं बोलताय, तुमचं मन मोठं हाय. पण सरकारी माणूस रविवारी फुकट रेघ मारतो, हे मला पटवू नका."

आता यावर काय करणार? आयुष्यात एक काम फुकट केलं, तर त्याचा पुरावा नाही.

चर बुजवला. भिंत खुंट्यांवरून सरळ गेली, आठ फूट उंच, चांगल्या जांभ्या चिऱ्याची. सारंग कबूल केल्याप्रमाणे दोन दिवस चिरे वाहत होते. टूर न करता भिंत झाली होती, तरी. "थोरल्याने शब्द मोडला असं नको," म्हणाले. करीम पलीकडे उभा राहून गवंड्याला सूचना देत होता. भावांचं बोलणं त्या दिवसापासून बंद झालं. करीमला त्याचं फाटक मिळालं, आतून कडी असलेलं. जुनं फाटक आणि उंबरा सारंगांच्या वाट्याला आला, हनीफ त्यांच्याच बाजूला राहिला.

पुढे माझी बदली राजापूरला झाली. कचेरीच्या कामाला रत्नागिरीला आलो की एक चक्कर मोहल्ल्यात ठरलेली. टूर चालूच होती, मात्र लहान झाली होती, कारण आखलेल्या घराचा निम्मा भाग आता भिंतीपलीकडे करीमकडे होता. सारंग काठी घेऊन भिंतीपर्यंत जात, थांबत आणि अत्यंत गंभीरपणे सांगत, "इथून पुढे काम चालू हाय. सध्या बघायला मिळणार नाय."

मग आवाज जरा चढवून उरलेलं घर तोंडी सांगत. लोकांना वाटे, म्हाताऱ्याला कमी ऐकू येतं म्हणून ओरडतो. मी एकदा रस्त्यावर जाऊन करीमच्या फाटकाच्या फटीतून बघितलं. पलीकडे करीम आरामखुर्ची टाकून बसला होता. टेपरेकॉर्डर शेजारी होता, बंद. आमिनाभाबी मला चहा देताना हळूच म्हणाली, "शुक्रवारी तो तिथेच बसतो. भिंतीला लागून. मी ह्यांना सांगितलं नाय. सांगितलं तर उद्यापासून माईक लावतील."

"सांगायला हवं तुम्ही," मी म्हटलं.

"त्याने येऊन सांगावं," ती म्हणाली. "पाय काय मोडलेत?"

सारंग मला निरोप द्यायला फाटकापर्यंत निघाले. त्यांचा एक गुडघा धरला होता. उंबऱ्यापाशी त्यांनी हाताने लुंगी सावरली, दुखरा पाय दोन्ही हातांनी उचलून पलीकडे ठेवला. मी म्हटलं, "सारंग, आता तरी राहू द्या की. कोण बघतंय?"

"एकदा मी सरळ गेलो ना," ते म्हणाले, "तर करीमचं बरोबर होतं असं होईल. करीम आला काय, विचारत असता ना तुम्ही दर वेळेला? येईल. दार एकच हाय." मला राग आला, दोघांचाही. आठ फुटांची भिंत आणि दोन म्हातारे हट्टी. मी तडक एसटी गाठली.

पुढच्या वर्षी उन्हाळ्यात सकाळी अकराच्या सुमारास राजापूरच्या कचेरीत हनीफचा फोन आला. पहाटे झोपेतच गेले. असरच्या, म्हणजे दुपार कलल्यावरच्या, नमाजानंतर दफन. मी मिळेल ती गाडी पकडली. पोचलो तेव्हा खळं माणसांनी भरलेलं होतं, पोस्टमन, मौलवी, सोनू गवंडी, सगळी टूर केलेली मंडळी. मासेवाली टोपली खाली ठेवून फाटकाबाहेर बसली होती. चुन्याची रेघ कुठे दिसत नव्हती. गेले काही महिने सारंगांना वाकता येत नव्हतं.

जनाजा उचलला. पुढे उजव्या बाजूला खांदा करीमचा होता. डावीकडे हनीफ. करीम कधी आला, कुठल्या फाटकातून आला, मला ठाऊक नाही. दाढी एका दिवसात पांढरी झाल्यासारखा दिसत होता. कलमा पढत सगळे खळ्यातून निघाले. माणसांची दाटी होती, कुणाचं लक्ष जमिनीकडे नव्हतं.

फाटकाच्या दहा पावलं अलीकडे करीम थांबला. जनाजा थांबला. मागच्यांना वाटलं, खांदा बदलायचाय.

"उंबरा हाय," करीम म्हणाला. त्याचा आवाज फुटला. पुन्हा मोठ्याने म्हणाला, अगदी थोरल्याच्या हुकमाच्या सुरात, "उंबरा हाय. पाय उचला."

त्याने पाय उचलला, चांगला गुडघ्याएवढा, आणि पलीकडे टाकला. मग हनीफने. मग मागच्या दोघांनी. त्यांच्यामागून सगळा मोहल्ला त्या मोकळ्या मातीवरून एकेक पाय उचलत बाहेर पडला. सगळ्यात शेवटी मी होतो. मी खाली बघितलं नाही.